मंगळाची वाट आणि औषधाची मात्रा

आमच्या मेडिसिन वॉर्डात रात्रपाळीला असलेला एक इंटर्न मध्यंतरी टेबलाच्या खणात जाडजूड पुस्तक लपवताना सापडला. मला वाटलं, पीजीच्या प्रवेश परीक्षेचं गाइड असेल. निघाली विज्ञानकादंबरी. रागावण्यासारखं काही नव्हतं. रात्रीचे अडीच वाजले होते, वॉर्ड शांत होता आणि सगळ्यांची सलाइन नीट चालू होती. कशाबद्दल आहे म्हणून विचारलं, तर म्हणाला, ‘‘मॅडम, यात जहाजं एका ताऱ्याकडून दुसऱ्या ताऱ्याकडे जातात. नॅव्हिगेटर लोक भविष्यात डोकावून वाट आधीच बघून ठेवतात.’’ मग जरा थांबून, ‘‘हा कोर्स आपल्याकडे असता, तर मी एमबीबीएसला आलोच नसतो.’’

पुस्तक मी दोन दिवसांसाठी मागून घेतलं. या जातीच्या कथा शाळेत असल्यापासून वाचत आले आहे, त्यामुळे हे कबूल करते की पुढे जी तक्रार मांडणार आहे ती परक्याची नाही, घरच्याच माणसाची आहे.

काळ आणि अवकाश यांतून जहाज हाकण्याची ही विद्या विज्ञानकथाकारांनी मोठ्या हौसेने घडवली. इंग्रजीत तिला ‘अ‍ॅस्ट्रोगेशन’ असं स्वतंत्र नावही आहे. रॉबर्ट हाइनलाइनच्या १९५३च्या ‘स्टारमॅन जोन्स’मध्ये जहाजाचे अधिकारी जाडजूड कोष्टकांतून आकडे काढून यंत्राला भरवतात, ती कोष्टकं नाहीशी होतात तेव्हा ज्याला ती पाठ आहेत असा एक पोरगा जहाज घरी आणतो. आयझॅक अ‍ॅसिमॉव्हच्या ‘फाउंडेशन’मध्ये गणित जुळलं की जहाज एका ‘उडी’त प्रकाशवर्षं ओलांडतं. ब्रिटिश दूरचित्रवाणीवर १९६३पासून गाजलेल्या ‘डॉक्टर हू’मधला नायक निळ्या पोलीस-खोक्यात बसून हव्या त्या शतकात उतरतो. (हा डॉक्टर रुग्ण तपासताना फारसा दिसत नाही, पण मान मात्र भरपूर मिळतो. आमच्यातही असे काही आहेत.) आपल्याकडे डॉ. जयंत नारळीकरांनी १९७४ साली ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावाने मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली आणि पहिलं बक्षीस मिळवलं. कृष्णविवराजवळ घड्याळ मंदावतं, हे भौतिकशास्त्र त्यामुळे मराठी वाचकाच्या बैठकीच्या खोलीत आलं.

माझी तक्रार अशी, की या बहुतेक कथांमध्ये वाट काढणाऱ्याचं शास्त्र बारकाईने रंगवलेलं असतं आणि जहाजातली माणसं मात्र गोणीत भरलेल्या तांदळासारखी असतात. इथून उचलली, तिथे उतरवली. त्यांची हाडं, डोळे, रक्तवाहिन्या, झोप यांचा वाटेशी काही संबंधच नसतो. अपवाद म्हणावा तर फ्रँक हर्बर्टच्या ‘ड्यून’चा, म्हणजे आमच्या इंटर्नच्या खणातल्या पुस्तकाचा. त्यातले नॅव्हिगेटर वाट दिसावी म्हणून ‘मेलांज’ नावाचा मसाला घेतात, त्याच्या आहारी जातात, आणि १९६९च्या पुढच्या भागात त्यांच्यातला एक तर माणसासारखाही राहिलेला नसतो. शरीराची किंमत मोजल्याशिवाय वाट सापडत नाही, एवढं तरी हर्बर्टने ओळखलं. पण तीही नॅव्हिगेटरच्या शरीराची किंमत. उतारूंना काय झालं, ते कळत नाही.

‘गोष्टच आहे, एवढं काय मनावर घ्यायचं?’ असं कोणी म्हणेल. मनावर अशासाठी घ्यायचं, की हेच गणित प्रत्यक्षात एकदा करून झालेलं आहे आणि ते फार महागात पडलं आहे.

अठराव्या शतकात समुद्रावर अक्षांश काढणं सोपं होतं; दुपारच्या सूर्याची किंवा ध्रुवताऱ्याची उंची मोजली की झालं. रेखांश काढता येत नसे, कारण तो प्रश्न मुळात काळाचा आहे. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते. बंदरात आत्ता किती वाजलेत हे माहीत असेल आणि जहाजावर किती वाजलेत हेही कळत असेल, तर दोन्हींमधल्या फरकावरून रेखांश निघतो. चार मिनिटांचा फरक म्हणजे एक अंश, विषुववृत्तावर सुमारे १११ किलोमीटर. पण हेलकावणाऱ्या जहाजावर बंदराची वेळ बिनचूक सांभाळणारं घड्याळच नव्हतं. म्हणजे काळातून जहाज हाकण्याची विद्या कथाकारांच्या आधी खलाशांना हवी होती.

ती नव्हती म्हणून काय झालं, याचं सर्वांत बोलकं उदाहरण ब्रिटिश नौदलाच्या जॉर्ज अ‍ॅन्सनचं. १७४० साली तो सहा युद्धनौका आणि सुमारे १,९०० माणसं घेऊन निघाला. केप हॉर्नला वळसा घालेपर्यंत जहाजावर स्कर्व्ही पसरली होती. हिरड्या सुजलेल्या, दात हलणारे, जुने बरे झालेले व्रण पुन्हा उघडलेले. हुआन फर्नांडेस बेटावर ताजं पाणी आणि पालाभाजी मिळणार होती. अ‍ॅन्सनला त्या बेटाचा अक्षांश माहीत होता, म्हणून तो त्या रेषेवर पश्चिमेकडे निघाला. मग त्याला शंका आली की बेट मागे राहिलं असावं. त्याने जहाज पूर्वेला वळवलं, थेट चिलीच्या किनाऱ्यापर्यंत गेला, आणि तिथून पुन्हा पश्चिमेला. बेट पहिल्याच दिशेला होतं. या येरझाऱ्यात गेलेल्या दिवसांत सत्तर-ऐंशी माणसं मेली. मृत्यूच्या दाखल्यावर त्यांचं कारण काय लिहायचं? स्कर्व्ही की रेखांश? मी निवासी डॉक्टर असताना हे पहिल्यांदा वाचलं तेव्हापासून हा प्रश्न माझ्या डोक्यात आहे आणि माझं उत्तर ‘दोन्ही, आणि दोन्ही एकच’ असं आहे.

ब्रिटिश संसदेने रेखांशासाठी १७१४ सालीच २०,००० पौंडांचं बक्षीस जाहीर केलं होतं. त्या मागे लागून जॉन हॅरिसन या सुताराच्या मुलाने हयात घालवली. त्याचं चौथं घड्याळ १७६१-६२च्या जमैका सफरीत ८१ दिवसांत अवघे पाच सेकंद मागे पडलं. स्कर्व्हीला असं बक्षीस नव्हतं. जेम्स लिंड या जहाजावरच्या डॉक्टरने मे १७४७मध्ये ‘सॅलिसबरी’ नौकेवर बारा रुग्णांच्या सहा जोड्या केल्या आणि प्रत्येक जोडीला वेगळा उपाय दिला. संत्री-लिंबू मिळालेली जोडी सहा दिवसांत उठून बसली. त्याचं पुस्तक १७५३ साली आलं. नौदलाने लिंबाचा रस सरसकट द्यायला सुरुवात केली १७९५ साली. बेचाळीस वर्षं! आता न्यायाने बोलायचं तर ‘क’ जीवनसत्त्व म्हणजे काय हे तेव्हा कोणालाच माहीत नव्हतं आणि लिंडचं स्वतःचं पुस्तकही लिंबाची बाजू ठासून मांडत नाही. कॅप्टन कुकने दुसऱ्या सफरीत हॅरिसनच्या घड्याळाची प्रतिकृतीही नेली आणि आपल्या ‘रेझोल्युशन’ जहाजावर स्कर्व्हीने एकही माणूस मरू दिला नाही, पण श्रेय देताना मोड आलेल्या धान्याच्या काढ्याचं कौतुक करून बसला. डॉक्टरांच्या चुका आम्ही नेहमी ऐकतो, म्हणून कप्तानाची ही एक नोंदवून ठेवते.

आता आजची गोष्ट. घड्याळावर वाट काढण्याचं शास्त्र आज कथाकारांच्या कल्पनेच्या बरंच जवळ आलं आहे. तुमच्या मोबाइलला रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं पृथ्वीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. आइन्स्टाइनच्या सापेक्षतावादानुसार हा फरक सुधारला नाही, तर एका दिवसात दहाएक किलोमीटरची चूक साचेल. अवकाशस्थानकात सहा महिने राहिलेला माणूस आपल्यापेक्षा सुमारे पाच मिलिसेकंदांनी तरुण परततो. प्रकाशाच्या ८० टक्के वेगाने गेलात, तर इथे दहा वर्षं होतील तेव्हा तुमची सहाच झालेली असतील. गणित बरोबर आहे, इंजिन नाही. एवढंच कमी आहे. (जाता जाता: ज्या कथांमध्ये यान पृथ्वीच्या गुरुत्वाइतक्या त्वरणाने सतत वेग वाढवत जातं, त्या मला डॉक्टर म्हणून आवडतात. उतारूंचे पाय जमिनीवर राहतात आणि हाडं शाबूत.)

पण माणूस खरोखर जाऊ शकेल असा दूरचा टप्पा म्हणजे मंगळ, आणि तिथे वाट निवडण्याचा प्रश्न आत्ताच टेबलावर आहे. ढोबळमानाने दोन वाटा आहेत. पहिली लांब मुक्कामाची: जायला सहाएक महिने, मंगळावर सुमारे ५०० दिवस थांबायचं, ग्रह पुन्हा जुळले की परत सहा महिने. एकूण साडेआठशे दिवसांच्या पुढे. दुसरी झटपट: मंगळावर महिनाभर थांबून लगेच उलटं फिरायचं, येता-जाता कधी शुक्राच्या बाजूने वळसा घ्यायचा. इंधन जास्त, पण एकूण ६०० दिवसांच्या आसपास परत. कोणालाही विचारा, आठ-नऊ महिने वाचत असतील तर दुसरी वाट बरी, असंच उत्तर येईल. मलाही तसंच वाटायचं.

मग एका रविवारी मी कागद घेऊन बसले. नासाच्या ‘क्युरिऑसिटी’ गाडीवरच्या उपकरणाने जाताना यानात दिवसाला सुमारे १.८ मिलिसीव्हर्ट किरणोत्सर्ग मोजला आणि मंगळाच्या पृष्ठभागावर सुमारे ०.६७. पृष्ठभागावर तो कमी असतो, कारण पायाखालचा ग्रहच अर्धं आकाश झाकतो. आता करा हिशेब. लांब मुक्कामाच्या वाटेत ३६० दिवस यानात आणि ५०० मंगळावर: सुमारे १,००० मिलिसीव्हर्ट. झटपट वाटेत ५७० दिवस यानात आणि ३० मंगळावर: तेही १,०००च्या जरा वरच. सूर्याच्या चढउतारांनुसार आकडे खालीवर होतील, हा एका फिजिशियनचा कागदावरचा हिशेब आहे. पण कल स्पष्ट आहे. आठ-नऊ महिने वाचवून किरणांची मात्रा एका दाण्याने कमी झाली नाही. तुलनेसाठी सांगते, पोटाच्या एका सीटी स्कॅनला साधारण दहा मिलिसीव्हर्ट पडतात, आणि नासाने आपल्या अवकाशवीरांसाठी आयुष्यभराची मर्यादा ६०० ठेवली आहे.

हाडांचं पाहू. वजनरहित अवस्थेत खुब्याच्या हाडाची घनता व्यायामाशिवाय महिन्याला एक ते दीड टक्क्याने घटते. रजोनिवृत्तीनंतर बाईचं वर्षात जेवढं जातं, जवळपास तेवढं तिथे महिन्यात. रोज दोन-अडीच तासांच्या व्यायामाने ही झीज बरीच आवरते, पण थांबत नाही. मंगळावर पृथ्वीच्या ३८ टक्के गुरुत्व आहे; ते हाडांना पुरेल का, याची चाचणी अजून झालेली नाही, पण शून्यापेक्षा ते बरं, असं मानायला हरकत नसावी. म्हणजे झटपट वाटेत सलग वजनरहित राहण्याचे दिवस ५७०, मधे जेमतेम एक महिन्याचा विसावा. आजवर एका दमात सर्वाधिक काळ अवकाशात राहिलेला माणूस वालेरी पोल्याकोव्ह, १९९४-९५मध्ये ४३७ दिवस. तो स्वतः डॉक्टर होता, आणि उतरल्यावर हट्टाने पायी चालून दाखवलं, याचा आमच्या व्यवसायाला रास्त अभिमान आहे.

म्हणजे कॅलेंडरवर आखूड दिसणारी वाट शरीराच्या दृष्टीने लांब ठरू शकते. आम्ही औषधाच्या चिठ्ठीवर जसं लिहितो, अमुक इतके मिलिग्रॅम, दिवसातून इतक्यांदा, इतके दिवस, तशीच प्रत्येक कक्षा ही एक चिठ्ठी असते. इतका किरणोत्सर्ग, इतकी वजनरहितता, इतका एकांतवास, इतके दिवस. ही चिठ्ठी आज कक्षा आखणारे अभियंते लिहितात आणि दुष्परिणाम सांभाळायला नंतर डॉक्टरला बोलावतात. माझा आग्रह असा, की चिठ्ठी लिहिली जात असतानाच डॉक्टर त्या टेबलाशी हवा, आणि त्याच्या मताला इंधनाच्या आकड्याइतकंच वजन हवं.

याचं आणखी एक कारण आहे. आंतरराष्ट्रीय अवकाशस्थानकावर एका अवकाशवीराच्या मानेतल्या मोठ्या शिरेत रक्ताची गुठळी सापडली होती. २०२०च्या जानेवारीत ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये ती हकिगत प्रसिद्ध झाली. त्रास काहीच नव्हता. संशोधनासाठी सोनोग्राफी चालली होती, त्यात दिसली. पृथ्वीवरच्या डॉक्टरांनी सल्ला दिला, वर रक्त पातळ करणाऱ्या इंजेक्शनांचा साठा मोजका होता, तो पुरवून पुरवून वापरला, मग मालवाहू यानातून गोळ्या पोहोचल्या. माणूस सुखरूप परतला. आता हाच रुग्ण मंगळाच्या वाटेवर तिसऱ्या महिन्यात आहे अशी कल्पना करा. मालवाहू यान नाही. मागे फिरता येत नाही, कारण ग्रहांच्या वाटेवर यू-टर्न नसतो. मंगळाजवळ पोहोचल्यावर रेडिओवरून प्रश्न विचारला तर उत्तर यायला अंतरानुसार सहा ते चव्वेचाळीस मिनिटं. आणि स्थानकावरच्या औषधपेटीतल्या निम्म्याहून अधिक औषधांची मुदत तीन वर्षांच्या आत संपते. किती औषध न्यायचं, कोणतं, ते कितव्या दिवशी बाद होणार, हे सगळं वाटेच्या लांबीवरून ठरतं. लिंबाच्या रसाची पिंपं किती भरायची, हाच जुना प्रश्न.

भारताने २०३५पर्यंत स्वतःचं अवकाशस्थानक आणि २०४०पर्यंत चंद्रावर माणूस, असं उद्दिष्ट ठेवलं आहे. २०२५ साली शुभांशु शुक्ला अवकाशस्थानकावर अठरा दिवस राहून आले. बेंगळुरूची हवाई दलाची वैमानिकी वैद्यक संस्था या क्षेत्रात अनेक वर्षं काम करते आहे. पण आमच्या एमबीबीएसच्या पोरांना हा विषय कुठे भेटतो? कादंबरीत, टेबलाच्या खणात. वैद्यकीय महाविद्यालयांत अस्थिरोग, नेत्र, मेडिसिन या विभागांना या संशोधनात ओढलं पाहिजे. अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाची हाडं, डायलिसिसच्या रुग्णातले द्रवाचे चढउतार, लांब प्रवासातल्या गुठळ्या हे सगळं आमच्या वॉर्डात रोज आहे. त्यातून मिळेल ते अवकाशवीराच्या उपयोगी पडेल आणि उलटही.

‘इथे खाटा पुरत नाहीत आणि बाईंना मंगळ सुचतोय,’ हे मला विभागातच ऐकवून झालं आहे. खाटा पुरत नाहीत हे खरंच आहे. पण मला मंगळाची आठवण पुस्तकापेक्षा एका मुलामुळे जास्त येते. दोन पावसाळ्यांपूर्वी घाटापलीकडच्या पाड्यावरून नऊ वर्षांचा मुलगा आमच्याकडे आला. रात्री झोपेत मण्यार चावली होती, सकाळी पापण्या उचलत नव्हत्या. तिथल्या डॉक्टरांनी प्रतिविष दिलं, श्वास मंदावणार हे ओळखून व्हेंटिलेटरसाठी आमच्याकडे पाठवलं. रेफरच्या कागदावर त्यांनी नीट लिहिलं होतं: अंतर ३८ किलोमीटर. मी वडिलांना विचारलं, ‘‘दादा, निघालात कधी?’’ ते म्हणाले, ‘‘पयल्या एसटीच्या टायमाला.’’ तेव्हा दुपार होत आली होती. घाटात दरड आली होती. शेवटचे पन्नास मिनिटं रुग्णवाहिकेतला तरुण डॉक्टर हाताने अँब्युबॅग दाबत आला होता. त्याची बोटं सरळ होत नव्हती. मुलगा आठव्या दिवशी व्हेंटिलेटरवरून निघाला आणि चालत घरी गेला.

३८ हा आकडा बरोबर होता आणि त्याचा काहीही उपयोग नव्हता. त्या रुग्णाचं अंतर मिनिटांत होतं. प्रतिविषाच्या बाटल्या, ऑक्सिजनचा सिलिंडर, बॅग दाबणाऱ्या हातांचा दम, सगळं मिनिटांत मोजायला हवं होतं.

आमच्या अपघात विभागाच्या भिंतीवर रेफर करणाऱ्या केंद्रांचा तक्ता आहे. नाव, फोन, किलोमीटर. त्यात वेळेचा रकाना घाला, हे काम मी त्या कादंबरीवाल्या इंटर्नला दिलं. पुस्तक परत करताना दिलं, म्हणून त्याला नाही म्हणता आलं नाही. त्याने दोन रात्री बसून सगळ्या केंद्रांची मिनिटं भरली, फक्त घाटापलीकडच्या एका केंद्रापुढे जागा कोरी ठेवली. का म्हणून विचारलं, तर म्हणाला, ‘‘मॅडम, तिथल्या १०८च्या ड्रायव्हरकाकांना फोन केला. किती वेळ लागतो विचारलं, तर ते म्हणाले, कुठल्या महिन्यात?’’ आता तो त्या ओळीपुढे बारा चौकोन आखतो आहे.